कागदाचा आवाज

गुरुवार, ८ ऑगस्ट

नेमोतोचं म्हणणं, रोज चार ओळी लिहीत जा बाई, वसंतात मामेताला तिसावं वर्ष लागेल तेव्हा त्याचं छान पुस्तक काढू. नेमोतो माझा मॅनेजर. त्याला सगळंच छान दिसतं. मी वही आणली खरी, पण हिच्यात जे उतरणार आहे ते छापण्यालायक नसेल, हे पहिल्याच पानावर सांगून टाकते.

मी उत्सुगी तोमोए. वय त्रेसष्ट. आणि हे एकोणतिसावं वर्ष, मी आठ वर्षांचा मुलगा आहे. सार्वजनिक न्हाणीघराच्या माडीवर आजोबांबरोबर राहणारा, शेंबडा, उचापती मामेता. टीव्हीवरचं कार्टून, चित्रं दुसरे काढतात, आवाज माझा. भाजीच्या दुकानात मला कुणी ढुंकून बघत नाही, पण मी नुसतं "आजोबाऽ, टॉवेल पळाला!" म्हटलं तर कांदे तोलणाऱ्याच्या हातातून तराजू पडेल.

आज मामेताचं कासव मेलं. वर्षभरातलं सगळ्यात मोठं रडणं. चार माइक, अकरा माणसं, सगळे श्वास रोखून. आमच्याकडे नायलॉनचं जाकीट बाहेर काढून यायचं, बांगडी-घड्याळ पिशवीत टाकायचं, पोट गुरगुरू नये म्हणून आधी दोन घास खाऊन यायचं. एवढं सगळं पाळून मी आतड्यापासून रडत होते आणि मधेच रेकॉर्डिंगचा लाल दिवा गेला. काचेपलीकडून कुरोइवाचा आवाज: "कागद वाजला. पुन्हा घेऊ." कुरोइवा आमचा ध्वनिदिग्दर्शक. लागलीच ती पोरगी कमरेत वाकली. "माफ करा! माझाच कागद होता."

अमाजी रिरिका, वय तेवीस. एप्रिलपासून मामेताच्या वर्गातली नवी मुलगी, कोउमे, ही करते. दहा बोटांना दहा रंगांची नखं. अंगाला पीचच्या गोळीचा वास. दर रविवारी कुठल्याशा सभागृहात नाचते-गाते म्हणे, आणि बाप्ये लोक समोर उभे राहून चमकणाऱ्या काठ्या हलवतात. मला त्या काठ्यांची किळस येते, त्या बाप्यांची येते आणि पीचची तर सगळ्यात जास्त येते.

पान उलटणं हा आमच्या धंद्याचा श्रीगणेशा. माझे गुरुजी डोळे मिटून बसायचे आणि मला त्यांच्या पाठीमागे उभं करून वर्तमानपत्र उलटायला लावायचे. जरा खुट्ट झालं की घरी पाठवायचे. आणि या बयेला एवढंही येत नाही?

दुसऱ्या वेळी मी अशी काही चिडले होते की रडणं आपोआप आलं. "पक्का," कुरोइवा म्हणाला. हिगाकी डोळे पुसत होता. तो आजोबांचा आवाज करतो, माझ्याहून आठ वर्षांनी मोठा. बाहेर आल्यावर म्हणतो कसा, "तोमोए, तुला चिडवायला एक माणूस पगारी ठेवायला हवा."

रविवार, ११ ऑगस्ट

शेजारच्या तेराओबाईंनी सुझुमुशीचा, म्हणजे गाणाऱ्या किड्यांचा, डबा आणून दिला. "रात्री ऐका कशा घंट्या किणकिणतात, झोप छान लागते." डबा उशाशी ठेवला. घंट्या कसल्या? काळे किडे मिशा हलवत कुजक्या काकडीवर बसलेत, मुकाट. पंख तेवढे उभे करून थरथरवतात. खोलीभर काकडीचा घाण वास. गाणारे किडे म्हणून मुके किडे माझ्या गळ्यात मारले.

मायक्रोवेव्हही बिघडलाय. शिट्टी देत नाही, चहा आतच गार होतो. या घरात कुणी आपलं काम करायला तयार नाही.

गुरुवार, २२ ऑगस्ट

आज दोनदा कागद. दोन्हीदा रिरिका वाकली. माझी मस्तकात तिडीक गेली. रेकॉर्डिंग संपल्यावर तिला बखोटीला धरून जिन्यापाशी नेलं.

"स्क्रिप्ट काढ. कोपरा चिमटीत धर. अशी. आता उलट."

तिने माझ्याकडे बघितलं आणि पान असं फर्रकन उलटलं की मला वाटलं फाटणार. पण आवाज? शून्य!

"बघ!" मी म्हटलं. "हातवारे जरा जास्त आहेत, पण आवाज नाही. मनावर घेतलंस की येतं ना?"

ती बघतच राहिली. "बाई... काहीच ऐकू आलं नाही?"

"नीट उलटलंस म्हणूनच नाही आलं. आता तेवढं माइकसमोरही जमव."

तिच्या डोळ्यांत पाणी आलं. या हल्लीच्या पोरींना कौतुकही सोसत नाही.

गुरुवार, ५ सप्टेंबर

नेमोतो घसा खाकरत आला तेव्हाच कळलं. वाहिनीवाल्यांना तिसाव्या वर्षी 'ताजेपणा' हवाय. शरद संपता संपता बैठक आहे. "दुसऱ्या पिढीचा मामेता आणायचा का, अशी नुसती चर्चा आहे बाई, नुसती चर्चा." घाबरला की हा प्रत्येक गोष्ट दोनदा बोलतो.

"कुणाचं नाव आहे?"

"तसं काही नाही. रिरिकाचं लोक घेतात. पण तिच्या कागदाचं तुम्ही बघताच."

म्हणजे ती पीचची गोळी माझ्या शेजारच्या माइकला चिकटून का उभी राहते ते कळलं. स्वतःचं वाक्य नसलं तरी उभी असते, डोळे माझ्या हातांवर. शिकतेय म्हणे. गिधाडं शिकतातच.

हात रिकामे नकोत म्हणून दुपारी संडास धुण्याच्या पावडरीची जाहिरात केली. "आजोबाऽ, पिवळं गेलं!" मामेताच्या तोंडून. तीन तऱ्हांनी म्हणून दिलं. घरी येऊन चूळ भरली.

शनिवार, १४ सप्टेंबर

किडे तेराओबाईंना परत केले. संध्याकाळी कुंपणावरून म्हणतात, "बाई, किती गातात हो! ह्यांना उठून दार लावावं लागलं." माझ्याकडे आठवडेच्या आठवडे मौनव्रत, आणि हिच्या घरात पाय ठेवताच कंठ फुटला. किडेसुद्धा माणसं बघून वागतात.

गुरुवार, २६ सप्टेंबर

आज सगळं बोलून टाकलं.

सकाळी स्टुडिओच्या बायकांच्या संडासात गेले तर बंद दाराआडून मामेता बोलत होता. माझा मामेता! "आजोबाऽ, टॉवेल पळाला!" गोड, पाकात घोळलेला. अंगावर शिसारी आली. दार उघडून रिरिका बाहेर आली, मला बघून पांढरीफटक पडली आणि हात न धुताच पळाली.

मग दुपारी माइकवर पुन्हा कागद. पुन्हा "माफ करा, माझाच." मी सरळ काचेपलीकडच्या खोलीत गेले.

"कुरोइवा, ही राहील नाहीतर मी राहीन."

त्याने चष्मा काढला, पुसला, लावला, परत काढला. वीस वर्षं ओळखते मी त्याला. एवढा वेळ तो चष्मा कधी पुसत नाही.

"बाई, जरा शांतपणे विचार करा."

"माझा करून झालाय. तू कर."

"...ठीक आहे," तो म्हणाला. माझ्याकडे न बघता.

नंतर हिगाकीने सोबा-शेवया खायला नेलं. तो भुरके मारत होता, मी माझा विजय साजरा करत होते. मधेच भुरका थांबवून म्हणाला, "तोमोए, ती पोरगी पान उलटते तेव्हा तिच्या हातांकडे कधी बघितलंस का गं?"

"नखं बघूनच माझं पोट भरतं."

"हं," म्हणाला आणि वाडगा तोंडाला लावला. म्हातारा पाघळलाय. तरुण पोरगी दिसली की यांचं असंच होतं.

गुरुवार, १७ ऑक्टोबर

नवी स्क्रिप्ट आली. कोउमेच्या वडिलांची पार उत्तरेला, होक्काइदोला बदली होणार. नोव्हेंबरात निरोपाचा भाग, की संपलं. आमच्याकडे कुणाला काढत नाहीत, होक्काइदोला पाठवतात.

रिरिकाने स्क्रिप्ट वाचली, मिटली, माझ्यापुढे येऊन वाकली. "बाई, सात महिने तुमच्या शेजारी उभं राहायला मिळालं."

"पुढे जिथे जाशील तिथे आधी पान उलटायला शीक."

"हो बाई."

एवढंच. ना रडली, ना भांडली. मला थोडं चुकल्यासारखं झालं. जिंकल्यावर बरं वाटायला हवं होतं, तसं काही वाटलं नाही. थंडी सुरू झाली की माझं असंच होतं.

मंगळवार, २९ ऑक्टोबर

आज जे झालं ते लिहूनच टाकते.

गोळ्या-बिस्किटांच्या कुठल्याशा मोबाइलवरच्या खेळासाठी मामेताची चाळीसेक वाक्यं हवी होती. दुसराच स्टुडिओ, मी एकटी. यंत्रावर एक नवा मुलगा, मला ओळखत नसावा किंवा घाबरत नसावा. तिसऱ्या-चौथ्या वाक्याला त्याचा आवाज आला: "कागद आला, परत घेऊ या."

मी ओरडायला वळले.

मागे खुर्च्या होत्या. रिकाम्या. माइक चार, आणि माणूस मी एकटी.

"काय म्हणालात?"

"पान उलटताना कागद वाजला बाई. काही नाही, परत घेऊ."

परत घेतलं. मी जीव मुठीत धरून, गुरुजी पाठमोरे बसलेत असं समजून पान उलटलं. काही म्हणजे काही ऐकू आलं नाही. तो म्हणाला, "परत आला."

मी त्याला म्हटलं, तुझं यंत्र बिघडलंय. त्या बिचाऱ्याने मला आत बोलावून टेक ऐकवला. माझा आवाज ऐकू आला, स्वच्छ. कागद कुठेच नाही. "कुठंय?" मी विचारलं. त्याने पडद्यावर बोट ठेवलं. माझ्या आवाजाचे गोल गोल डोंगर आणि दोन डोंगरांच्या मधे एक उभा काटा. "हा." त्याने परत लावलं. आवाजाची रेघ काट्यावरून पुढे गेली. मला काही ऐकू आलं नाही.

घरी आले. स्क्रिप्ट कानाशी धरून उलटली. वर्तमानपत्र चुरगाळलं. भाजीची प्लास्टिकची पिशवी कानावर धरून चोळली. मग मायक्रोवेव्हमध्ये पाण्याचा कप ठेवला आणि आकडे शून्यावर येईपर्यंत समोर उभी राहिले. शून्य आलं. आतला दिवा गेला. मी दारावर हात ठेवून तशीच उभी राहिले.

म्हणजे किडे गात होते.

आणि ती दरवेळी वाकत होती, मी तिला बखोटीला धरून जिन्यापाशी नेलं, आणि तिने ते पान मुद्दाम फर्रकन... शी! शी शी शी.

बुधवार, ३० ऑक्टोबर

कानाच्या डॉक्टरांनी काचेच्या छोट्या खोलीत बसवलं, हातात बटण दिलं. आवाज आला की दाबायचं. सगळं आयुष्य काचेच्या खोलीत बोलत काढलं, आज ऐकायला बसले. बराच वेळ बटण दाबायची वेळच आली नाही. बाहेर एक नर्स मान खाली घालून लिहीत होती.

खालच्या पट्टीचे आवाज ठणठणीत. वरच्या पट्टीचे गेलेत. "दोन-तीन वर्षं तरी झाली असतील. हळूहळू जातात, कळत नाही. किडे, पाखरं ऐकू येणं बंद झालं होतं का?"

"मुके आहेत म्हणून परत केले," मी म्हटलं. डॉक्टर हसले नाहीत.

कानाचं मशीन बसेल, पण तयार व्हायला वेळ लागेल म्हणाले.

शनिवार, २ नोव्हेंबर

रिरिकाला कॉफीच्या दुकानात बोलावलं. मला वाटलं होतं मी तिला पाहून विरघळेन. उलट तिला बघताच संताप आला.

"कुणी सांगितलं होतं तुला?" मी म्हटलं. "माझी कीव करायला तुला कुणी सांगितलं होतं?"

तिने नखं टेबलाखाली घेतली. "पहिल्यांदा चुकूनच झालं बाई. मला वाटलं माझाच कागद. मी नवीन, घाबरलेली, काही झालं की मलाच वाटायचं माझंच. तुम्ही माझ्यावर डोळे वटारलेत आणि पुढच्या टेकला मामेता म्हणून जे बोललात... तसं मी जन्मात ऐकलं नव्हतं. पुढच्या खेपेला मात्र कागद तुमचा होता ते मला दिसलं. पण तोवर मी वाकून बसले होते."

"आणि नंतर?"

"नंतर सवय झाली."

"बाकीच्यांना ठाऊक होतं?"

"काचेतून सगळं दिसतं ना बाई, कोण कधी पान उलटतंय ते."

म्हणजे कुरोइवा. चष्मा पुसणारा कुरोइवा. चूक कुणाची ते डोळ्यांनी बघून त्याने या पोरीला होक्काइदोला पाठवलं, कारण तीस वर्षं चाललेलं दुकान त्याला मोडायचं नव्हतं. आणि मी? मी तर नाव सांगून शिक्षा मागितली.

"संडासात माझा आवाज का काढत होतीस?"

"दुसरा मामेता निवडायची वेळ आली तर मला व्हायचंय," ती म्हणाली. खाली न बघता. "खोटं कशाला बोलू?"

"मग मला पडू द्यायचं होतंस. फुकटात मिळाला असता."

"पडलेला नको होता."

मी बराच वेळ कॉफी ढवळली. साखर घातलीच नव्हती हे नंतर लक्षात आलं.

"काम गेलं ना तुझं."

"रविवारचे काठीवाले आहेत की," ती म्हणाली, आणि तिच्याही नकळत फिसकन हसली. मला हसू आलं नाही. पण पीचचा वास आज तितकासा वाईट वाटला नाही. थंडीने असेल.

निघताना बजावलं, "पुन्हा माझ्यासाठी वाकलीस तर याद राख."

"मग सगळे गप्प बसतील बाई, आणि तुमच्याकडे बघतील."

"बघू देत."

गुरुवार, ७ नोव्हेंबर

बघू दिलं नाही.

आज मधल्या प्रसंगात लाल दिवा गेला. "कागद," कुरोइवा म्हणाला. मी स्क्रिप्ट काचेसारखी धरली होती, तरीही. रिरिका माझ्याकडे न बघता वाकली. "माफ करा, माझाच."

आणि मी गप्प बसले. तोंड उघडलं होतं, आत शब्द होते, तरी गप्प बसले. वाहिनीची बैठक पंधरा दिवसांवर आलीय हे त्या क्षणी मला स्पष्ट दिसत होतं. इतकं स्पष्ट मला या वर्षात दुसरं काही दिसलं नाही.

पुढचा टेक उत्तम झाला. सगळे म्हणाले.

रात्री दात घासताना आरशाकडे बघवलं नाही. एवढी वर्षं जगाची किळस करत आले, ती आज बरोबर पत्त्यावर पोहोचली.

गुरुवार, १४ नोव्हेंबर

निरोपाचा भाग. स्टेशनात कोउमेची गाडी सुटते, मामेता फलाटावरून धावतो, धावताना बोलतो, शिव्या देतो, रडतो. एकाच दमातलं वाक्य आणि बरोबर त्याच्या मधे पान संपतं. लिहिणारे असले दुष्ट असतात.

मी आणि रिरिका शेजारशेजारच्या माइकवर. मी धावले, बोलले, पान उलटलं. दिवा गेला.

कुरोइवाने तोंडही उघडलं नव्हतं. पण शेजारी तिची पाठ वाकू लागलेली मला दिसली. आमच्याकडे माइकसमोर कुणी कुणाला हात लावत नाही. मी तिची कॉलर मागून पकडली.

"सरळ उभी राहा."

"बाई..."

"सरळ." मग काचेकडे बघून म्हटलं, "माफ करा. माझा कागद होता. याआधीचेही माझेच होते, सगळे. मला वरच्या पट्टीचं ऐकू येत नाही."

अशी शांतता झाली की ती माझ्या कानांनाही कळली. हिगाकी मागे खुर्चीवर बसला होता. "सुटलो बुवा," तो म्हणाला. "माझ्याच्याने आता सोब्याच्या दुकानात आडून आडून बोलवत नव्हतं."

कुणीतरी हसलं. मी नाही.

"कुरोइवा, तू बघत होतास."

काचेपलीकडे त्याचा हात चष्म्याकडे गेला. "बाई, मला वाटलं तिसावं वर्ष तरी..."

"चष्मा राहू दे. मला तुझी किळस येते. माझी त्याहून जास्त येते, म्हणून तुझ्यावर आज ओरडत नाही. मी निकाल मागितला होता आणि तू दिलास. आता वाहिनीवाल्यांना पोरीच्या कागदाचं खरं सांग, नाहीतर मी सांगते."

"मी सांगतो," तो म्हणाला. बारीक आवाजात म्हणाला असावा, कारण मी ते ओठांवरून वाचलं.

पुन्हा लाल दिवा लागला. मी धावले, बोलले, पान संपत आलं आणि माझा हात जागच्या जागी थिजला. तेवढ्यात खालून एक हात आला. निळं नख, पिवळं नख. माझ्या पानाचा कोपरा चिमटीत धरला, उचलला, उलटला. आवाज झाला की नाही मला कसं कळणार? पण लाल दिवा गेला नाही. मामेता फलाटाच्या टोकापर्यंत धावला.

मंगळवार, १० डिसेंबर

कानाचं मशीन मिळून आठवडा झाला. जग इतकं घाणेरडं वाजतं हे कुणी सांगितलं नव्हतं. फ्रीज कुरकुरतो. माझ्या सपाता मांजर चिरडल्यासारख्या ओरडतात. मायक्रोवेव्हची शिट्टी डोक्यात खिळा ठोकते. हिगाकी सोबा खातो तेव्हा तर उठून जावंसं वाटतं. तेराओबाईंचे किडे थंडीत मेले. अंडी मातीत आहेत म्हणे, उन्हाळ्यात बघू.

बैठक झाली. मार्चपर्यंत मी, मशीन लावून. जानेवारीत दुसऱ्या पिढीच्या मामेताची चाचणी. मी बैठकीत काही मागितलं नाही. नेमोतो रुमालात तोंड घालून रडला, "छान झालं बाई, छान झालं." बघा, दोनदा.

चाचणीला पुष्कळ जण येणार आहेत. त्यांत रिरिका आहे. कुरोइवाने खरं सांगितलं म्हणून तिला निदान दारात तरी उभं करतील. निवडतील की नाही, ते आमच्या कुणाच्याच हातात नाही.

दर मंगळवारी ती माझ्याकडे येते. उपकार फेडायला शिकवत नाही मी. तिचा मामेता भयंकर आहे, ते ऐकवत नाही म्हणून शिकवते.

"अगं, त्याला शेंबूड आहे! शेंबूड! पाक नाही. नाकात बोल."

"आजोमाऽ, टॉवेल मळाला!"

"शी! आता नुसता शेंबूडच उरला. पोरगा कुठे गेला?"

"बाई, मधलं काहीतरी सांगा ना."

"मधलं तुझं तू शोध. मी एकोणतीस वर्षं शोधलं."

आज ती खिडकीपाशी बसून स्वतःशी वाचत होती. मी इकडे ही वही लिहीत होते. पान संपलं, उलटलं, आणि अंगावर काटा आला. केवढा हा आवाज! सुकलेल्या माशाची कातडी सोलावी तसा. असं मी माइकसमोर, गेली दोन-तीन वर्षं, सगळ्यांच्या कानांत?

मग मी लिहिणं थांबवलं आणि तिच्याकडे बघत बसले. तिला कळू दिलं नाही. ती ओठ हलवत पानाच्या तळाशी आली. कोपरा चिमटीत धरला. उचलला. उलटला.

मी जीव कानात आणून ऐकलं.

काहीच ऐकू आलं नाही.

मशीन काढून बॅटरी बघितली. बॅटरी ठीक होती.